डिस्चार्ज कार्डावरचा छोटा कोड आणि घरची पुंजी
डोळ्यांचे आजार, रक्तदाब आणि आरोग्यविम्याचा दावा

या पाठात तुम्ही काय शिकाल

• हॉस्पिटलच्या कागदावर आजाराचा कोड का लिहितात
• डोळे आणि रक्तदाब यांच्या बाबतीत कोणते कोड महत्त्वाचे आहेत
• एक चुकीचा शब्द किंवा आकडा आपल्या बचतीला कसा महागात पडू शकतो
• चूक दिसली तर ती कुठे आणि कशी दुरुस्त करून घ्यायची

१. गोणीवरचा मार्का

यशवंतपूरच्या बाजार आवारात महाराष्ट्रातून कांदा येत आला आहे. गोणी उतरवणाऱ्या हमालाला आतला कांदा कुणाच्या शेतातला हे ठाऊक नसते. तो गोणीवरचा मार्का पाहतो आणि गोणी त्या गाळ्यावर टाकतो. मार्का चुकला तर माल चांगला असूनही दुसऱ्याच्या खात्यावर जातो. मग हिशेब जुळेपर्यंत सगळ्यांची धावपळ होते.

हॉस्पिटलच्या कागदावरचा आजाराचा कोड म्हणजे असाच मार्का. विमा कंपनीत तुमचा दावा तपासणारा माणूस तुम्हाला कधी भेटलेला नसतो. त्याच्यासमोर फक्त कागद असतात. त्यावरचा कोड, निदानाचे शब्द आणि आजार किती काळापासून आहे याची नोंद पाहून तो ठरवतो की पैसे द्यायचे की नाहीत. म्हणून हप्ता वेळेवर भरणे जितके महत्त्वाचे, तितकेच हे कागद वाचणेही महत्त्वाचे.

२. हा कोड येतो कुठून?

जगभरच्या डॉक्टरांना आजारांची नावे एकाच पद्धतीने नोंदवता यावीत म्हणून एक यादी आहे. तिला 'आयसीडी' म्हणतात. तिची सुरुवात १८९३ साली झाली. फ्रान्समधील आकडेशास्त्रज्ञ जाक बर्तियाँ यांनी तेव्हा मृत्यूच्या कारणांची यादी मांडली होती. १९४८ पासून ही यादी जागतिक आरोग्य संघटना सांभाळते. यादीची दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली आहे. तरी आपल्याकडे विम्याच्या दाव्याच्या फॉर्मवर अजून 'आयसीडी १०' असेच छापलेले दिसते.

या फॉर्मचे दोन भाग असतात. भाग 'ए' आपण भरतो आणि भाग 'बी' हॉस्पिटल भरते. भाग 'बी' मध्ये मुख्य निदान, जोडीचे निदान आणि सोबतचे इतर आजार यांच्या कोडसाठी वेगवेगळ्या चौकटी असतात. बहुतेक लोक भाग 'बी' पाहतच नाहीत. इथूनच अडचण सुरू होते.

३. ओळखून ठेवण्यासारखे कोड

कोडमध्ये आधी एक इंग्रजी अक्षर आणि पुढे आकडे असतात. 'एच' ने सुरू होणारे सुरुवातीचे कोड (५९ पर्यंत) डोळ्यांचे आहेत. 'आय' ने सुरू होणारे कोड हृदय आणि रक्तवाहिन्यांचे आहेत.

• आय १० : उच्च रक्तदाब, म्हणजे नेहमीचा 'बीपीचा त्रास'
• आर ०३.० : त्या वेळी रक्तदाबाचा आकडा जास्त आला, पण उच्च रक्तदाबाचे निदान झालेले नाही
• एच २५ : वयोमानाने होणारा मोतीबिंदू
• एच २६ : इतर कारणांनी होणारा मोतीबिंदू
• एच ३४ : डोळ्याच्या पडद्याची रक्तवाहिनी बंद होणे
• एच ३५.० : पडद्याच्या रक्तवाहिन्यांतील बदल. रक्तदाबामुळे पडद्यावर झालेला परिणाम इथे येतो
• एच ३६.० : मधुमेहामुळे पडद्यावर झालेला परिणाम. सोबत मधुमेहाचा कोड लिहितात. प्रौढांच्या नेहमीच्या मधुमेहासाठी तो ई ११.३ असतो
• एच ४० : काचबिंदू
• एच ५२ : चष्म्याचा नंबर

हे पाठ करायचे नाहीत. कागद हातात आला की या यादीशी ताडून पाहायचे, एवढेच.

यादीतले पहिले दोन कोड नीट पाहा. दवाखान्यात गेल्यावर भीतीने किंवा घाईने आलेल्या माणसाचा रक्तदाब वाढलेला दिसू शकतो. ऑपरेशनच्या दिवशी १५०/९४ असा आकडा आला म्हणून लगेच 'बीपीचा रुग्ण' होत नाही. साधारणपणे वेगवेगळ्या दिवशी मोजूनही आकडा १४०/९० किंवा त्याहून वर राहिला तर डॉक्टर निदान करतात. निदान झाले असेल तर आय १०. फक्त आकडा वाढलेला असेल तर आर ०३.०. कागदावर हा फरक एका ओळीचा आहे. विम्यात मात्र तो मोठा आहे, कारण पहिला कोड आजार सांगतो आणि दुसरा फक्त त्या दिवशीची नोंद.

४. बीपीचा डोळ्याशी संबंध काय?

डोळ्याच्या मागच्या पडद्यावर केसाहून बारीक रक्तवाहिन्या असतात. रक्तदाब बरीच वर्षे वाढलेला राहिला तर त्या अरुंद होतात, त्यांतून रक्त किंवा पाणी झिरपू शकते आणि कधी एखादी शीर बंदही पडते. सुरुवातीला दुखत नाही आणि बऱ्याचदा दिसायलाही फरक पडत नाही. डोळ्यांत थेंब टाकून पडदा तपासला तरच ते कळते. म्हणून बीपीची गोळी सुरू असेल तर डोळ्याचा पडदा कधी तपासायचा हे डॉक्टरांना विचारा.

आता पैशाची बाजू पाहू. विमा घेण्याआधीपासून असलेल्या आजारासाठी पॉलिसीत प्रतीक्षा कालावधी असतो. १ एप्रिल २०२४ पासूनच्या नियमांनुसार तो ३६ महिन्यांपेक्षा जास्त ठेवता येत नाही. आधी ही मर्यादा ४८ महिने होती. या काळात तो आजार आणि त्याच्यामुळे थेट उद्भवलेला त्रास यांचे पैसे मिळत नाहीत.

मोतीबिंदू बीपीमुळे झाला असे सहसा मानले जात नाही. पण पडद्यावरच्या परिणामाआधी डॉक्टरांनी 'हायपरटेन्सिव्ह' हा शब्द लिहिला की तो त्रास बीपीशी जोडला जातो. मग कंपनीचा पहिला प्रश्न येतो : बीपी कधीपासून आहे? डोळ्याच्या दाव्याचा निकाल अशा वेळी बीपीच्या तारखेवर ठरतो.

५. एक उदाहरण

समजा, यशवंतपूरच्या आवारात आडतीवर दिवाणजी म्हणून काम करणारे ५८ वर्षांचे एक काका आहेत. त्यांनी १ जून २०२४ रोजी 'आरोग्य संजीवनी' ही ३ लाख रुपयांची पॉलिसी घेतली आणि हप्ता कधी चुकवला नाही. जुलै २०२६ मध्ये त्यांना डोळ्याचा त्रास झाला. तीन शक्यता पाहू.

शक्यता पहिली : उजव्या डोळ्याचा मोतीबिंदू. कोड एच २५. या पॉलिसीत मोतीबिंदूसाठी २४ महिने थांबावे लागते. ते झाले आहेत. बिल समजा ४६,००० रुपये आले. एका डोळ्यासाठी मर्यादा अशी : विमा रकमेच्या २५ टक्के किंवा ४०,००० रुपये, यांत जी कमी ती.

३ लाखांचे २५ टक्के = ७५,००० रुपये
कमी असलेली रक्कम = ४०,००० रुपये
५ टक्के आपला वाटा = २,००० रुपये
कंपनी देईल = ३८,००० रुपये
काकांच्या खिशातून = ८,००० रुपये

शक्यता दुसरी : ऑपरेशन तेच, पण नोंद चुकली. काकांना बीपीचे निदान दहा महिन्यांपूर्वी झाले. भरती करताना ड्यूटी डॉक्टरांनी घाईत विचारले. काकूंनी अर्धे हिंदी, अर्धे कन्नड करत सांगितले, "बरेच दिवस झाले, दहा..." वाक्य पूर्ण होण्याआधीच कागदावर 'बीपी, १० वर्षे' अशी नोंद झाली. सोबतच्या आजारांच्या चौकटीत आय १० आले. कोड बरोबर आहे, पण काळ चुकला. पॉलिसी दोन वर्षांची आणि बीपी दहा वर्षांचे, मग काकांनी अर्जात आजार लपवला असे कंपनीला वाटणार. दावा अडकतो आणि आजार लपवल्याच्या कारणावरून पॉलिसीच धोक्यात येऊ शकते. दावा नाकारला गेला तर ८,००० ऐवजी पूर्ण ४६,००० रुपये घरातून जातील.

शक्यता तिसरी : डाव्या डोळ्याच्या पडद्याची शीर बंद झाली आणि डॉक्टरांनी कारण बीपी लिहिले. मुख्य कोड एच ३४, सोबत आय १०. डोळ्यात इंजेक्शन द्यावे लागणार. या पॉलिसीत अशा इंजेक्शनसाठी विमा रकमेच्या ५० टक्क्यांपर्यंत, म्हणजे इथे दीड लाखापर्यंत मर्यादा आहे. बीपीचे निदान पॉलिसी घेतल्यानंतर झाले असेल तर तो आधीचा आजार ठरत नाही आणि दावा पुढे सरकतो. बीपी पॉलिसीआधीचे असेल, अर्जात सांगितलेले असेल आणि पॉलिसीत ३६ महिन्यांची अट असेल, तर मे २०२७ अखेरपर्यंत थांबावे लागते. जुलै २०२६ मध्ये कंपनीने नकार दिला तर तो अटीला धरूनच आहे.

तिन्ही वेळा माणूस तोच आणि पॉलिसी तीच. फरक पडला तो कोड, काळाची नोंद आणि अर्जातली माहिती यांमुळे. म्हणून बीपीच्या गोळीची पहिली चिठ्ठी जपून ठेवा. पासबुकाइतकीच ती मोलाची आहे.

६. भरती होताना आणि घरी निघताना काय पाहाल?

भरती होताना :

• आजार किती काळापासून आहे हे सांगताना 'बरेच दिवस', 'खूप वर्षं' असे म्हणू नका. महिना आणि वर्ष सांगा. त्याहून चांगले म्हणजे जुनी चिठ्ठी दाखवा. बेंगळुरूत आपली भाषा समोरच्याला कळेलच असे नाही, पण चिठ्ठीवरची तारीख सगळ्यांना कळते.
• रुग्णासोबत जाणाऱ्या मुलाला किंवा सुनेला ही माहिती आधीच लिहून द्या.

डिस्चार्ज कार्ड हातात आल्यावर काउंटर सोडण्याआधी या पाच गोष्टी पाहा :

१. मुख्य निदान. ज्यासाठी उपचार झाला तेच पहिले आहे का? इंजेक्शन डोळ्यात दिले आणि मुख्य निदानात फक्त आय १० असेल तर उपचार आणि निदान जुळत नाही.
२. कोणता डोळा. आपल्याकडे वापरल्या जाणाऱ्या बहुतेक डोळ्यांच्या कोडमध्ये उजवा-डावा कळत नाही. तो शब्दांत लिहिलेला असावा लागतो. डॉक्टर 'ओडी' म्हणजे उजवा, 'ओएस' म्हणजे डावा आणि 'ओयू' म्हणजे दोन्ही असे लिहितात. मोतीबिंदूची मर्यादा डोळ्यामागे असते, म्हणून ही नोंद नेमकी हवी.
३. सोबतचे आजार. जो आजार तुम्हाला कधी सांगितलाच नाही तो तिथे आहे का?
४. काळ. महिने की वर्षे? आकडा बरोबर आहे का?
५. सगळीकडे एकच माहिती. डिस्चार्ज कार्ड, भाग 'बी' आणि डॉक्टरांची चिठ्ठी यांत तफावत नको.

कॅशलेस असेल तर नियमानुसार कंपनीने भरतीच्या मंजुरीवर एका तासात आणि डिस्चार्जच्या मंजुरीवर तीन तासांत निर्णय द्यायचा असतो. तो वेळ बाकावर बसून घालवण्याऐवजी कागद वाचण्यात घालवा.

७. चूक दिसली तर

स्वतः खाडाखोड करू नका. पेनाने '१० वर्षे' चे '१० महिने' केले तर खरा दावाही खोटा वाटू लागतो. उपचार करणाऱ्या डॉक्टरांना भेटा, जुनी चिठ्ठी दाखवा आणि दुरुस्त केलेले डिस्चार्ज कार्ड मागा. ते शक्य नसेल तर काय चुकले आणि बरोबर काय, हे सही, शिक्का आणि तारखेसह लिहून घ्या. रुग्णाने मागितल्यावर उपचाराची कागदपत्रे ७२ तासांत देणे हे डॉक्टरांसाठीच्या आचारनियमांत, २००२ पासून, लिहिलेले आहे. अर्ज लेखी द्या आणि पोच घ्या.

एक गोष्ट मात्र कधीच करू नका. कुणी "कोड बदलून घेऊ, क्लेम पास होईल" असे सांगितले तर ऐकू नका. चुकलेला कोड दुरुस्त करणे हा तुमचा हक्क आहे. खरा कोड बदलून खोटा लिहून घेणे ही फसवणूक आहे. ती उघड झाली तर दावा जातोच, शिवाय पॉलिसी रद्द होऊन भरलेले हप्तेही बुडू शकतात.

हेच अर्ज भरतानाही लागू आहे. एजंट म्हणाला, "बीपी लिहू नका, हप्ता वाढेल," तरी लिहा. आधीचा आजार सांगितला तर फार तर हप्ता थोडा वाढेल किंवा काही महिने थांबावे लागेल. लपवला तर गरजेच्या दिवशीच विमा हातातून निसटेल. पॉलिसी सलग ६० महिने चालू राहिली की माहिती लपवल्याच्या कारणावरून कंपनीला दावा नाकारता येत नाही. मात्र फसवणूक सिद्ध झाली तर ही सवलत मिळत नाही. शिवाय 'सलग' हा शब्द महत्त्वाचा आहे. हप्ता चुकून पॉलिसी बंद पडली तर मोजणी पुन्हा पहिल्यापासून सुरू होऊ शकते.

८. दावा नाकारला तर

नकार तोंडी ऐकून घरी बसू नका. लेखी कारण मागा. नकाराच्या पत्रात आणखी एका प्रकारचे कोड दिसतात. ते आजाराचे नसून पॉलिसीत न बसणाऱ्या गोष्टींचे असतात :

• एक्सक्ल ०१ : आधीपासूनचा आजार, प्रतीक्षा कालावधी संपलेला नाही
• एक्सक्ल ०२ : ठरावीक आजारांचा प्रतीक्षा कालावधी. मोतीबिंदू सहसा इथे येतो
• एक्सक्ल ०३ : पॉलिसीचे पहिले ३० दिवस
• एक्सक्ल ०४ : फक्त तपासण्यांसाठी भरती
• एक्सक्ल १५ : ७.५ पेक्षा कमी चष्म्याचा नंबर घालवण्याचा उपचार

कोड पाहा, पॉलिसीत त्या अटीखाली काय लिहिले आहे ते वाचा आणि तुमच्या तारखा त्यात बसतात का ते मोजा. नकार चुकीचा वाटला तर क्रमाने पुढे जा :

१. आधी कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे लेखी तक्रार करा.
२. विमा नियामकाच्या 'बीमा भरोसा' पोर्टलवर किंवा १५५२५५ या क्रमांकावर तक्रार नोंदवता येते.
३. कंपनीने एका महिन्यात उत्तर दिले नाही किंवा उत्तर पटले नाही, तर विमा लोकपालांकडे जा. कंपनीच्या अंतिम नकारापासून एका वर्षाच्या आत जावे लागते. ५० लाख रुपयांपर्यंतच्या तक्रारी तिथे चालतात. फी नाही आणि वकील लागत नाही. कर्नाटकासाठीचे कार्यालय बेंगळुरूत जे. पी. नगरमधील जीवन सौधा इमारतीत आहे. यशवंतपूरहून मेट्रोच्या हिरव्या मार्गाने त्या बाजूला जाता येते.

९. विमा नसेल किंवा पुरेसा नसेल तर

पीनियाच्या कारखान्यात किंवा आसपास नोकरी असेल आणि पगार महिना २१,००० रुपयांपर्यंत असेल, तर ईएसआयची कपात होते का ते पगारपत्रकावर पाहा. तिथे आधीच्या आजारासाठी थांबावे लागत नाही. पहिल्या दिवसापासून कामगार आणि त्याच्या कुटुंबाला उपचार मिळतात. बेंगळुरूत मिंटो हे डोळ्यांचे जुने सरकारी हॉस्पिटल आहे. ते १८९६ पासून चालू आहे. प्रतीक्षा कालावधी संपायचा असेल आणि उपचार लांबवता येत नसेल, तर उपचार थांबवू नका. पडद्याच्या आजारात उशीर झाला तर गेलेली नजर परत येईलच असे नाही.

आणि एक छोटा उपाय आपल्याच हातात आहे. काकांच्या पहिल्या हिशेबात सगळे नीट होऊनही ८,००० रुपये खिशातून गेले. थेंब, तपासण्या आणि चष्मा यांचे पैसे बहुतेक पॉलिसींत मिळत नाहीत, ते वेगळेच. महिन्याला ७०० रुपयांचे आवर्ती ठेव खाते उघडले तर वर्षात ८,४०० रुपये साठतात. तेवढ्यात हा फरक निघतो आणि मुलीच्या नावाची मुदत ठेव मोडावी लागत नाही.

लक्षात ठेवा

• कोड म्हणजे कागदावरचा मार्का. तो निदानाशी जुळला पाहिजे.
• बीपीचे निदान वेगळे आणि एकदा आलेला जास्त आकडा वेगळा.
• आजाराचा काळ तारखेने सांगा, अंदाजाने नको.
• काउंटर सोडण्याआधी वाचा. चूक डॉक्टरांकडूनच दुरुस्त करून घ्या.
• अर्जात खरे लिहा आणि हप्ता चुकवू नका.

स्वाध्याय

१. घरातील प्रत्येकाच्या नावापुढे आजार, निदानाचा महिना-वर्ष आणि पहिली चिठ्ठी कुठे ठेवली आहे ते लिहा. हा कागद पॉलिसीसोबत एकाच फाइलमध्ये ठेवा.
२. तुमच्या पॉलिसीत आधीच्या आजारासाठी किती महिने आणि मोतीबिंदूसाठी किती महिने लिहिले आहेत ते शोधा. ते कोणत्या तारखेला पूर्ण होतात ते मोजा.
३. विमा रक्कम १ लाख आणि मोतीबिंदूचे बिल ३०,००० रुपये असेल, तर वरच्या उदाहरणातील अटींनुसार कंपनी किती देईल? (उत्तर : मर्यादा २५,००० रुपये, आपला ५ टक्के वाटा १,२५० रुपये, कंपनी देईल २३,७५० रुपये.)